शेत गमावणारा आणि शेत पिकविणारा : व्ही. शांताराम यांच्या दोन भूमिका

चित्रपटव्यवसायात दिग्दर्शक, छायालेखक, संकलक, नट अशी जी कामांची वाटणी आज गृहीत धरली जाते, ती आरंभापासून नव्हती. १९२० च्या सुमारास कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत नोकरीस लागलेल्या तरुणाला एखादे निश्चित पद मिळत असे, असे म्हणता येणार नाही. पडदे रंगविणे, सामान वाहणे, फिल्म धुणे, उन्हाचा झोत नटाच्या तोंडावर वळविणे आणि गरज पडली की दाढीमिशा लावून स्वतःच कॅमेऱ्यापुढे उभे राहणे, ही सर्व एकाच नोकरीची अंगे होती. खुद्द बाबूराव हे चित्रकार व शिल्पकार. त्यांचे बंधू आनंदराव १९१६ साली निवर्तल्यावर त्यांनी अर्धवट राहिलेला कॅमेरा विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने तयार केला, आणि ‘सैरंध्री’ (१९२०) या चित्रपटापासून कंपनीचा लौकिक सुरू झाला. अशा या कारखान्यात शांताराम राजाराम वणकुद्रे या तरुणाचे चित्रपटशिक्षण झाले. त्यांच्या पुढील कर्तृत्वाचा उलगडा करावयाचा तर या कारखान्यापासूनच आरंभ करावा लागतो.

शांताराम यांचा जन्म १८ नोव्हेंबर १९०१ रोजी कोल्हापूर येथे झाला. गंधर्व नाटक मंडळीत काही काळ काढून, हुबळीच्या रेल्वे कारखान्यात काम करून आणि तेथीलच एका पत्र्याच्या चित्रगृहात द्वाररक्षकाचे काम करून ते आपले मावसभाऊ बाबूराव पेंढारकर यांच्या ओळखीने महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले. ‘सुरेखाहरण’ (१९२१) या मूकपटात ते पडद्यावर दिसले. ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये त्यांच्या वाट्याला शेलारमामाची भूमिका आली. विशी नुकतीच ओलांडलेल्या तरुणाने ऐंशी वर्षांचा म्हातारा रंगवावा, यात त्या कंपनीला काहीच विशेष वाटले नाही. नट हा तेथे स्वतंत्र प्राणी नव्हता. हाताशी जो मनुष्य असेल त्याला वेष चढविला जाई. या पद्धतीचे तोटे उघड आहेत. मात्र तिचा एक फायदा पुष्कळदा नजरेतून निसटतो. जो मनुष्य सकाळी प्रकाश वळवीत असे आणि दुपारी त्याच प्रकाशात उभा राहत असे, त्याला कॅमेऱ्यास काय दिसते याचे ज्ञान शरीरानेच होई.

हे ज्ञान प्रथम कसास लागले ते ‘सावकारी पाश’ (१९२५) या मूकपटात. पौराणिक व ऐतिहासिक कथांच्या त्या काळात बाबूराव पेंटरांनी समकालीन खेड्यातील कर्जबाजारी शेतकऱ्याची कथा निवडली. सावकार खोट्या कागदपत्रांच्या आधारे त्याची जमीन हिरावून घेतो आणि तो शहराची वाट धरून गिरणीत मजूर होतो, असे तिचे सूत्र आहे. हा तरुण शेतकरी शांताराम यांनी रंगविला. या चित्रपटाची प्रत आज अभ्यासास उपलब्ध नाही. ज्यांनी तो पाहिला होता त्यांच्या आठवणी आहेत, आणि त्यांपैकी निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया यांची आठवण अभ्यासकांच्या परिचयाची आहे. त्यांच्या स्मरणात राहिली ती रात्रीच्या काळोखातली एक उदास झोपडी आणि तिच्यापाशी विव्हळणारे कुत्रे. ही आठवण चित्रचौकटीची आहे, अभिनयाची नव्हे, हे ध्यानात घेण्याजोगे आहे. नटाने हातवारे करून दारिद्र्य सांगावे, ही नाटकी रीत येथे मागे पडली असावी, असा तर्क या एका आठवणीवरून करता येतो.

‘सावकारी पाश’ची कथा कोल्हापूरच्या आसपासची मानली, तरी तिच्यातील व्यवहार एका प्रांतापुरता नव्हता. पुढे बोलपटांची पेठ झालेल्या मुंबईच्या अगदी शेजारी, ठाणे जिल्ह्यातील शहापूर आणि मुरबाड या दोन तालुक्यांकडे पाहिले म्हणजे या चित्रपटाने कशाला हात घातला होता ते स्पष्ट होते. सह्याद्रीच्या पायथ्याशी पसरलेले हे दोन्ही तालुके कुणबी, ठाकूर, महादेव कोळी व कातकरी यांच्या वस्तीचे. खलाटीत भात आणि वरकस जमिनीत नागली-वरी, अशी येथील शेती. पावसाळ्याच्या तोंडावर घरातील दाणा संपला की कुटुंब खावटीसाठी सावकाराच्या दारात जाई आणि सुगीला त्या खावटीची फेड वाढीसह धान्यातच होई. येथे ‘सावकार’ या शब्दाने एका माणसाचे एकच काम सांगितले जात नाही. दाणा उसना देणारा, पीक विकत घेणारा, मीठमिरचीचे दुकान चालविणारा आणि अखेरीस जमिनीचा मालक होणारा, हे बहुधा एकच असत. दख्खनच्या दंग्यानंतर १८७९ साली झालेला शेतकरी साहाय्य कायदा मूळात पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरता होता. ठाणे त्यात आरंभी नव्हते. १९३५ च्या कायद्याखाली शहापूर तालुका ‘अंशतः वगळलेल्या क्षेत्रां’त गणला गेला, मुरबाड मात्र त्यातून सुटला. अशा क्षेत्रांतील आदिवासींच्या स्थितीवर सिमिंग्टन यांनी १९३९ साली सरकारास अहवाल दिला, त्यात सावकार आणि जमीनदार यांच्या पिळवणुकीचीच कहाणी आहे. म्हणजे ‘सावकारी पाश’ पडद्यावर आल्यानंतर तब्बल चौदा वर्षांनी सरकारी कागद त्या विषयाशी येऊन पोहोचला.

त्या दोन तालुक्यांत एक भेद आहे. शहापूर तालुक्यातून लोहमार्ग जातो. आसनगाव, आटगाव, कसारा ही त्यावरील स्थानके. मुरबाडला लोहमार्ग नव्हता. जमीन गेलेल्या माणसाने गिरणीची वाट धरावी, हा ‘सावकारी पाश’चा शेवट आगगाडीच्या आधाराने उभा आहे. जेथे गाडी नाही तेथे कर्जदाराला पळून जाण्याचीही सोय नसते. तो त्याच बांधावर त्याच सावकाराच्या घरी राबतो. पुढे जानेवारी १९४५ मध्ये किसान सभेची परिषद भरली ती कल्याणजवळ टिटवाळ्यास, आणि तीतून ठाणे जिल्ह्यातील आदिवासींच्या चळवळीला चालना मिळाली, याचे स्मरण या संदर्भात अप्रस्तुत होणार नाही.

‘सावकारी पाश’नंतर शांताराम यांचा ओढा कॅमेऱ्यामागील कामाकडे वाढला. ‘नेताजी पालकर’ (१९२७) हे त्यांचे पहिले दिग्दर्शन. १ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, धायबर व सीताराम कुलकर्णी यांच्यासह त्यांनी प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. ‘उदयकाल’ (१९३०) मध्ये त्यांनी दिग्दर्शनाबरोबर शिवाजी महाराजांची भूमिकाही केली. या चित्रपटाचे मूळ नाव ‘स्वराज्याचे तोरण’ असे होते. ते सरकारी परीक्षकांना मानवले नाही. यानंतर मात्र सुमारे सोळा वर्षे त्यांनी प्रमुख भूमिका घेतली नाही. हीच सोळा वर्षे ‘अयोध्येचा राजा’ (१९३२), ‘अमृतमंथन’ (१९३४), ‘कुंकू’ (१९३७), ‘माणूस’ (१९३९) आणि ‘शेजारी’ (१९४१) यांची होत.

या विरामाचे कारण काय असावे? बोलपट आल्याबरोबर नटास गाता आले पाहिजे अशी अट आपोआप निर्माण झाली. गोविंदराव टेंबे, शांता आपटे अशी गाणारी मंडळी पडद्यावर आली, आणि मूकपटात घडलेल्या अनेकांना मागे सरावे लागले. शिवाय प्रभातचे बोलपट बहुधा मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत निघत. एकाच प्रसंगाचे दोनदा चित्रण करणाऱ्या दिग्दर्शकाला चौकटीबाहेर उभे राहून ऐकत राहणे भाग होते. मूकपटात दिग्दर्शक चौकटीत उभा असला तरी चित्रण चालू असताना ओरडून सूचना देऊ शकत असे. ध्वनिमुद्रकासमोर ते शक्य नव्हते. या कारणांनी नट आणि दिग्दर्शक यांच्यात भिंत पडली. परंतु कॅमेऱ्यापुढे उभे राहून मिळविलेले ज्ञान वाया गेले नाही. ‘अमृतमंथन’च्या प्रारंभी राजगुरूचा एकच डोळा पडदाभर दिसतो. चंद्रमोहन यांच्या डोळ्यांत काय आहे हे हेरून त्यांना शब्दाशिवाय बोलते करणे, हे मूकपटात स्वतः उभ्या राहिलेल्या माणसाचे काम आहे. ‘कुंकू’मध्ये केशवराव दाते यांच्यासारख्या रंगभूमीवरील नटाकडून त्यांनी जो संयत अभिनय करून घेतला त्याचेही श्रेय याच शिक्षणास द्यावे लागते.

अन्य देशांत हा प्रश्न कोणी कसा सोडविला, याचे एक उदाहरण स्पॅनिश भाषेतील चित्रपटांत सापडते. मेक्सिकोचे एमिलिओ फर्नांदेस हेही प्रथम नट होते. ‘हानित्सिओ’ (१९३५) मध्ये त्यांनी कोळ्याची प्रमुख भूमिका केली होती. दिग्दर्शक झाल्यावर त्यांनी ‘मारिया कांदेलारिया’ (१९४३) काढला. सोचिमिल्कोच्या कालव्यांवर फुले विकून जगणारी एक आदिवासी तरुणी, आणि तिने ज्याचे देणे लागते तो गावचा दुकानदार, अशी त्याची कथा. शहापूरच्या वाचकाला यातला दुकानदार परका वाटणार नाही. १९४६ साली कान येथील महोत्सवात ‘नीचा नगर’ या भारतीय चित्रपटाबरोबर ज्या चित्रपटांना सर्वोच्च पारितोषिक मिळाले त्यांत हाही होता. परंतु फर्नांदेस यांनी या चित्रपटात स्वतः भूमिका केली नाही. पेद्रो आर्मेंदारिस व दोलोरेस देल रिओ यांना पुढे करून, गाब्रिएल फिगेरोआ या छायालेखकासह ते मागे राहिले. नट म्हणून ते इतरांच्या चित्रपटांत पुष्कळ दिसले, अगदी हॉलिवुडच्या ‘द वाइल्ड बंच’ (१९६९) मध्येही. म्हणजे त्यांनी दोन्ही कामे केली, पण ऐन उमेदीच्या काळात ती बहुधा वेगवेगळी ठेवली. शांताराम यांनी १९४६ नंतर याच्या उलट वाट धरली.

प्रभात सोडून १९४२ साली त्यांनी मुंबईत परळ येथे राजकमल कलामंदिर स्थापन केले आणि ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ (१९४६) मध्ये ते पुन्हा कॅमेऱ्यापुढे आले. सोलापूरचे द्वारकानाथ कोटणीस १९३८ साली वैद्यकीय पथकाबरोबर चीनमध्ये गेले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी तेथेच वारले. ख्वाजा अहमद अब्बास यांनी लिहिलेल्या पुस्तकावरून ही पटकथा तयार झाली. चित्रपटाच्या अखेरीस मरणोन्मुख डॉक्टर आपल्या चिनी पत्नीला सोलापूरच्या घराची वाट सांगतो, आणि त्याच्या शब्दांबरोबर ती वाट पडद्यावर उलगडत जाते. पडद्यावरील मनुष्य सांगतो आणि कॅमेरा ते दाखवितो, अशी ही रचना आहे. येथे दिग्दर्शक आणि नट एकच असल्याने तिला जो अर्थ येतो तो अन्य नटाने आला नसता. ‘परछाईं’ (१९५२) मध्येही त्यांची प्रमुख भूमिका होती. पण तिचा विचार येथे विस्ताराने करण्याचे कारण नाही.

खरी कसोटी ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) या चित्रपटात लागली. ग. दि. माडगूळकर यांनी लिहिलेल्या या कथेतील आदिनाथ हा तुरुंगाधिकारी खुनाच्या शिक्षेतील सहा कैद्यांना बेड्यांशिवाय एका ओसाड माळावर नेतो आणि त्यांच्याकडून ती जमीन लागवडीस आणवितो. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे झालेल्या मुक्त कारागृहाच्या प्रयोगाशी या कथेचे नाते सांगितले जाते. आदिनाथाची भूमिका शांताराम यांनी स्वतः केली. ‘सावकारी पाश’ नजरेसमोर ठेवून हा चित्रपट पाहिला तर एक विलक्षण उलटापालट दिसते. १९२५ च्या शेतकऱ्याचे शेत जाते व तो शहरात पोहोचतो. १९५७ चा अधिकारी शहरी तुरुंगातून माणसे बाहेर काढतो आणि शेतावर आणतो. विरोधकही तोच आहे. कैद्यांनी पिकविलेला भाजीपाला बाजारात स्वस्त विकला जाऊ लागताच तेथील व्यापारी खवळतो आणि शेत उद्ध्वस्त करण्यासाठी बैल सोडतो. दाणा देणारा आणि माल घेणारा एकच असतो, हे शहापूर-मुरबाडच्या कुणब्याला ठाऊक असलेले सत्य येथे नाट्यरूप घेते. कुळकायद्यातील दुरुस्तीने १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला आणि कसणाऱ्या कुळाला कायद्याने मालक मानण्यात आले ते याच वर्षी. चित्रपट त्या कायद्यावर नाही, आणि तसा दावा करणे अतिशयोक्तीचे होईल. परंतु मुंबई राज्यातील ज्या प्रेक्षकाने जत्रेतील तंबूत किंवा तालुक्याच्या गावी तो पाहिला, त्याच्या मनात त्या वर्षी जमिनीखेरीज दुसरा विषय थोडाच असणार! मुरबाड तालुक्यातील म्हशाची पौष पौर्णिमेची जत्रा बैलबाजारासाठी प्रसिद्ध आहे. बैल अंगावर आला म्हणजे काय होते हे तेथे कोणास समजावून सांगावे लागत नाही.

आदिनाथ ही भूमिका बारकाईने पाहिली तर ती मुळात दिग्दर्शकाची आहे. सहा माणसे, एक मोकळी जागा, हातात दंडा नाही आणि साधन एकच : नजर. कैदी पळून जाऊ लागतात, पण ती नजर त्यांना पाठीवर जाणवते व ते परत येतात. चित्रणस्थळी दिग्दर्शक नटांच्या बाबतीत करतो ते याहून फारसे निराळे नाही. म्हणून या भूमिकेत शांताराम यांना संवादफेकीची किंवा गायनाची गरज पडली नाही. गाणी खेळणी विकणाऱ्या संध्या यांच्या पात्राकडे गेली आहेत. शांताराम बहुतांशी उभे राहतात, चालतात आणि पाहतात. ‘सावकारी पाश’मधील मूकनटाचे शिक्षण बत्तीस वर्षांनंतर येथे उपयोगी पडले. बर्लिनच्या महोत्सवात १९५८ साली मिळालेले रौप्य अस्वल आणि राष्ट्रपतींचे सुवर्णपदक ही या चित्रपटाची बाह्य कीर्ती झाली.

तथापि तिची किंमत नटाच्या शरीराने मोजली. बैलाशी झुंज देण्याच्या प्रसंगाचे चित्रण चालू असताना शांताराम यांच्या डोळ्यांना गंभीर इजा झाली आणि काही काळ डोळ्यांवर पट्टी बांधून त्यांना अंधारात राहावे लागले. दृष्टी परत येईल की नाही, हा प्रश्न होता. या अपघाताकडे केवळ धाडसाची कथा म्हणून पाहिले जाते, ते पुरेसे नाही. ज्या प्रसंगात नटाच्या जिवास धोका आहे, तेथे ‘थांबा’ म्हणण्याचा अधिकार दिग्दर्शकाचा असतो. येथे तो अधिकार असलेला मनुष्य बैलाच्या समोर उभा होता आणि कॅमेऱ्यापाशी त्याला थांबविणारे कोणी नव्हते. दोन कामे एका हाती एकवटली की हा दोष संभवतो. ‘नवरंग’ (१९५९) च्या आरंभी शांताराम स्वतः पडद्यावर येऊन या अपघाताविषयी बोलतात. अंधत्वाच्या त्या दिवसांतच आपल्याला रंग दिसू लागले, असा त्यांच्या कथनाचा आशय आहे.

थांबविणारा कोणी नसण्याचा दुसरा परिणाम कलेच्या बाजूने झाला. १९४३ साली ‘शकुंतला’ काढताना शांताराम यांचे वय एक्केचाळीस होते, आणि दुष्यंताची भूमिका त्यांनी चंद्रमोहन यांना दिली होती. १९६१ साली तीच कथा ‘स्त्री’ या नावाने रंगीत करताना, साठीच्या उंबरठ्यावर असताना, त्यांनी दुष्यंत स्वतः घेतला. ही निवड चुकली असे स्पष्ट म्हटले पाहिजे. आदिनाथाच्या चेहऱ्यावरील वय ही त्या भूमिकेची पुंजी होती. प्रणयी राजाला तेच वय जड जाते. आपल्या मुखावर प्रकाश कसा पडतो हे ज्याला पक्के ठाऊक, त्यालाही ते मुख कोणत्या भूमिकेला शोभणार नाही हे सांगणारा दुसरा माणूस लागतो. बाबूराव पेंटरांच्या कारखान्यात असा माणूस होता. राजकमलमध्ये तो राहिला नव्हता.

‘पिंजरा’ (१९७२) मध्ये शांताराम कॅमेऱ्यामागेच राहिले आणि मास्तरांची भूमिका डॉ. श्रीराम लागू यांच्याकडे गेली. १९८५ साली त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार जाहीर झाला. ३० ऑक्टोबर १९९० रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्या नटपणाचा अभ्यास करणाऱ्यास मोठी अडचण आहे ती पहिल्या टोकाची. ‘दो आँखें बारह हाथ’ पुन्हा पुन्हा पाहता येतो, आदिनाथाच्या नजरेचा कालावधी सेकंदांत मोजता येतो. ‘सावकारी पाश’चा मूकपट मात्र हरवला आहे. बाबूराव पेंटर यांनी १९३६ साली शालिनी सिनेटोनसाठी त्याच कथेचा बोलपट काढला, पण त्यात हा तरुण शेतकरी नव्हता. उरली आहेत ती काही स्थिरचित्रे, समकालीनांच्या आठवणी, आणि ‘शांतारामा’ या आत्मचरित्रात त्या कारखान्यातील दिवसांविषयी त्यांनी सांगितलेला वृत्तान्त.